बाळासाहेब खेर : हायकोर्टापासून दोन इमारती पलीकडे

ओव्हलकर

माझं कामानिमित्त रोज मुंबईच्या सिटी सिव्हिल कोर्टात जाणं होतं. ओव्हल मैदानाच्या कडेची ती जुनी दगडी इमारत बऱ्याच जणांनी बाहेरून पाहिली असेल. आज तिथे तारखा पडतात, पण १९५५ पर्यंत मुंबई सरकारचं सचिवालय तिथे होतं. तिच्या शेजारी विद्यापीठ आणि विद्यापीठाच्या पलीकडे हायकोर्ट. मागच्या आठवड्यात पुकारा व्हायला वेळ होता म्हणून जिन्यात उभा होतो. हायकोर्टाकडून निघून याच जिन्यापर्यंत आलेल्या एका माणसाची फार आठवण झाली. म्हणून हा धागा.

बाळ गंगाधर खेर. जन्म रत्नागिरीचा, २४ ऑगस्ट १८८८. पुण्याचं न्यू इंग्लिश स्कूल, मग मुंबईचं विल्सन कॉलेज. १९०८ ला बी.ए., आणि संस्कृतसाठीचं भाऊ दाजी पारितोषिक. वकिलीचा अभ्यास झाल्यावर हायकोर्टाचे न्यायमूर्ती बीमन यांच्याकडे ते काम करत. बीमनसाहेबांची दृष्टी गेलेली होती. कागद कुणीतरी वाचून दाखवायचे आणि साहेबांनी ऐकून निर्णय करायचा. ऐन विशीत अशा न्यायाधीशाजवळ बसून ज्याने कागद वाचले, त्याचे कान आणि त्याची भाषा कशी घडली असेल! मला तर त्यांच्या पुढच्या सगळ्या कारकिर्दीचं मूळ तिथेच दिसतं.

मग ते सॉलिसिटर झाले आणि १९१८ मध्ये मणिलाल खेर अँड कंपनी सुरू झाली. इथे थोडं थांबून सांगतो, कारण नव्या वाचकांना हा फरक ठाऊक नसतो. मुंबई हायकोर्टाच्या ओरिजिनल साइडला, म्हणजे जिथे दावे थेट हायकोर्टातच दाखल होतात तिथे, तेव्हा दोन प्रकारचे वकील असत. कोर्टात उभा राहून बोलणारा तो काऊन्सेल. अशिलाला भेटणारा, त्याचं सगळं ऐकून घेणारा, दस्त तपासणारा, मसुदा करणारा आणि काऊन्सेलच्या हाती ब्रीफ देणारा तो सॉलिसिटर. टाळ्या काऊन्सेलला मिळत. पण केस उभी राहायची ती सॉलिसिटरच्या टेबलावर. मी स्वतः फोर्टमधल्या एका जुन्या ऑफिसात आर्टिकलशिप, म्हणजे सॉलिसिटरच्या हाताखालची उमेदवारी, केली. तिथले एक वृद्ध क्लार्क मसुद्यातला एकेक शब्द लाल शाईने बदलायचे आणि बदललेला शब्द मोठ्याने वाचून दाखवायला लावायचे. "उद्या समोरचा वकील हाच शब्द पकडणार आहे," म्हणायचे. खेरांचं राजकारण वाचताना मला ते टेबल आणि ती लाल शाई सतत दिसते.

स्वराज्य पक्षाच्या मुंबई शाखेचे ते चिटणीस होते. पुढे १९३० च्या सत्याग्रहात आठ महिने सक्तमजुरी आणि १९३२ मध्ये दोन वर्षं. चांगली चालणारी फर्म मागे ठेवून गेलेला माणूस. १९३७ च्या निवडणुकीनंतर काँग्रेसने मंत्रिमंडळं बनवायचं ठरवलं आणि १९ जुलै १९३७ रोजी ते मुंबई प्रांताचे मुख्य प्रधान झाले. तेव्हा मुख्यमंत्री म्हणत नसत. प्रांतही आजचा नव्हे. गुजरात, पश्चिम महाराष्ट्र, कोकण, खानदेश आणि धारवाड, विजापूर, बेळगाव, कारवार हे कानडी जिल्हे, असा तीन भाषांचा संसार. गृहखातं कन्हैयालाल मुन्शी, अर्थ आण्णासाहेब लठ्ठे, महसूल मोरारजी देसाई, आरोग्य डॉ. गिल्डर. शिक्षण त्यांनी स्वतःकडे ठेवलं. पगार दरमहा ५००, कारण कराची काँग्रेसने १९३१ मध्ये तीच मर्यादा घालून दिली होती.

आता मला जे म्हणायचं आहे ते. खेरांचे कायदे वाचले की सॉलिसिटरचा हात ओळखू येतो. मोर्चातल्या भाषणाचा सूर त्यात नाही. उद्या कोण कोर्टात जाईल, कुठला शब्द पकडेल, याचा आधीच विचार केलेला. १९३८ चा मंदिर-उपासनेचा कायदा घ्या. हरिजनांना देवळात घ्यावं असं एखाद्या विश्वस्ताला मनापासून वाटलं, तरी त्याला भीती असायची. उद्या कोणी दावा लावला की "तू ट्रस्टच्या अटी मोडल्यास", तर? त्या कायद्याने विश्वस्ताची ही भीती काढली. उघडायचं असेल तर उघड, तुझ्यावर दावा चालणार नाही. बार्डोलीच्या सत्याग्रहींच्या जप्त जमिनींचंही तसंच. त्या सरकारने लिलावात विकल्या होत्या, म्हणजे घेणाऱ्याचा कागद पक्का. मनात आलं म्हणून हिसकावता येत नव्हत्या. त्या रीतसर कायदा करून, घेणाऱ्यांना मोबदला देऊन मूळ शेतकऱ्यांना परत दिल्या.

हे धीराचं काम आहे. मला त्याचं मोल फार वाटतं. तुमच्या घरात या माणसाची काही आठवण असेल तर लिहा.

पानगळ

मी बारा वर्षं वांद्रे पूर्वेला राहते. खेरवाडी सिग्नलवरून रोज जाते आणि ही वाडी कुठल्या खेरांची हे आज कळलं. मनापासून आभार.

एक विचारते. माझे सासरे पारशी कॉलनीच्या शेजारी वाढले. ते सांगायचे की मुख्य प्रधान नरिमनच व्हायचे होते. मग खेर कसे?

ओव्हलकर

पानगळताई, सासरे बरोबर सांगायचे. के. एफ. नरिमन मुंबई काँग्रेसचे अध्यक्ष होते आणि शहरात त्यांचं नाव फार मोठं होतं. बॅकबे रेक्लमेशनमधला भ्रष्टाचार त्यांनी १९२० च्या दशकात चव्हाट्यावर आणला, इंग्रज अधिकाऱ्याने लावलेला बदनामीचा खटला अंगावर घेतला आणि निर्दोष सुटले. त्यामुळे १९३७ मध्ये सगळ्यांची नजर त्यांच्याकडे होती. पक्षाने मात्र खेरांना निवडलं. सरदार पटेलांनी आपल्याविरुद्ध वजन वापरलं अशी नरिमन यांची तक्रार होती. गांधीजींनी आणि नामांकित वकील डी. एन. बहादुरजी यांनी चौकशी केली आणि निकाल नरिमन यांच्या विरुद्ध गेला. मौलाना आझादांनी पुढे स्पष्ट लिहून ठेवलं की नरिमन यांच्यावर अन्याय झाला.

माझं मत विचाराल तर अन्याय झालाच. पण त्यात खेरांचा हात होता असं कुठे दिसत नाही. गुजराती आणि मराठी, दोन्ही बाजूंना चालेल असा, कुणाच्या गटात नसलेला माणूस हवा होता. ज्याला दोन्ही पक्षकार मान्य करतात असा सॉलिसिटर शोधावा, तसे ते सापडले.

जुनापूल

लेख आवडला. खेर मंत्रिमंडळाने आल्या आल्या सावरकरांची रत्नागिरीची स्थानबद्धता उठवली, हेही लिहायला हवं होतं.

ओव्हलकर

जुनापूल, ती सुटका १० मे १९३७ ची. तेव्हा खेर सत्तेवर आले नव्हते. काँग्रेसने आधी सत्ता घ्यायला नकार दिला होता, त्यामुळे एप्रिल ते जुलै धनजीशा कूपर यांचं अंतरिम मंत्रिमंडळ होतं आणि त्यात जमनादास मेहता होते. श्रेय त्यांचं.

जुनापूल

धन्यवाद. लहानपणापासून उलटं ऐकलं होतं. दुरुस्त करून घेतो.

रत्नदुर्ग

ओव्हलकर, तुम्ही धीराचं मोल सांगितलंत. मी त्या धीराची किंमत कुणी दिली ते सांगतो. रागाने लिहीत नाही. खेर आमच्या रत्नागिरीचे, त्यांचा अभिमान मलाही आहे.

माझे पणजोबा कुळ होते. गाव खोताचं, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या वतनदाराचं. जमीन कसायची आम्ही, आणि मळणी झाली की खोताचा माणूस खळ्यावर येऊन बसायचा. भात मोजून निम्मं काढून ठेवायचं. त्याला अर्धेल म्हणत. अर्धेल देऊन संपत नसे. खोताच्या घरचं लग्न असलं की मांडवाला माणसं, पालखी असली की खांद्याला माणसं, पावसाआधी त्याच्या घराची शाकारणी. यातल्या कशाचेच पैसे नसत. आजी सांगायची की खोताच्या अंगणातून जाताना वहाणा हातात घ्यायच्या. पणजोबांनी एका साली पीक बुडालं म्हणून अर्धेल कमी दिली, तर पुढच्या पेरणीला शेत दुसऱ्या कुळाला गेलं. दाद कुठे मागणार? गावचा वसुलीचा कागद खोताच्याच हातात.

१७ सप्टेंबर १९३७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबई विधानसभेत खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. तेही वकीलच, पण उभे राहून बोलणारे. जानेवारी १९३८ मध्ये हजारो शेतकरी मुंबईत कौन्सिल हॉलवर चालून गेले. त्यात आमच्या गावची माणसं बोटीने गेली होती. अलिबागजवळच्या चरी गावचा शेतकऱ्यांचा संप तर १९३३ पासून चालू होता. नारायण नागू पाटलांच्या मागे शेतकऱ्यांनी जमिनी पडीक टाकल्या, पण खोताला पीक दिलं नाही. एवढं सगळं डोळ्यांसमोर असताना खेरांचं सरकार त्या विधेयकाच्या बाजूने उभं राहिलं नाही. काँग्रेसचं बहुमत होतं. मनात असतं तर झालं असतं.

खोती गेली ती १९४९ च्या कायद्याने, अंमल १९५० मध्ये. मुख्यमंत्री खेरच. म्हणजे तोच माणूस, तोच प्रांत, तोच जिल्हा. मधली बारा वर्षं माझ्या पणजोबांची गेली. ते १९४६ मध्ये वारले. कुळ म्हणूनच वारले.

तुमच्या क्लार्कने लाल शाईने शब्द बदलले, ते बरोबरच केलं. पण अशील दाराबाहेर उन्हात उभं असताना मसुदा किती दिवस करायचा?

ओव्हलकर

रत्नदुर्ग, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. तुमच्या शेवटच्या प्रश्नाला माझ्याकडे पळवाट नाही आणि मला ती काढायचीही नाही.

फक्त मधल्या बारा वर्षांतली सहा-सात वर्षं त्यांच्या हातात नव्हती, एवढं नोंदवतो. व्हाइसरॉयने कुणालाही न विचारता हिंदुस्थानला युद्धात ओढलं, म्हणून ऑक्टोबर-नोव्हेंबर १९३९ मध्ये सगळी काँग्रेस मंत्रिमंडळं बाहेर पडली. त्यानंतर १९४६ पर्यंत प्रांतात गव्हर्नरचा कारभार होता. खेर त्यातली जवळपास दोन वर्षं 'चले जाव'च्या तुरुंगात होते. १९३९ मध्येच त्यांच्या सरकारने कुळकायदा आणि शेतकरी कर्जनिवारणाचा कायदा केला होता, पण अंमल करायला हातात खुर्ची उरली नाही. पहिल्या वेळी कुळाला थोडं संरक्षण, दुसऱ्या वेळी १९४८ चा मोठा कूळकायदा आणि मग खोतीचा शेवट, असा तो क्रम.

तरी १९३७ ते ३९ मधली सव्वादोन वर्षं उरतात. त्या काळात बाबासाहेबांचं विधेयक घेता आलं असतं. तिथे तुम्ही म्हणता ते खरं आहे.

तिसरी_तारीख

मी जिल्हा न्यायालयात वकिली करते. ओव्हलकरसाहेबांनी म्हटलेला 'सॉलिसिटरचा हात' मला पहिल्या मंत्रिमंडळापेक्षा दुसऱ्यात वेगळा दिसतो. १९३८ चा मंदिरांचा कायदा म्हणतो, विश्वस्तांना हवं असेल तर. १९४७ चा म्हणतो, हा हरिजनांचा हक्कच आहे. या दोहोंच्या मध्ये सत्ता हातून गेली, तुरुंगवास झाला, स्वातंत्र्य उंबऱ्यावर आलं. आणि मे १९४७ मध्ये साने गुरुजी पंढरपूरच्या विठ्ठलासाठी दहा दिवस उपाशी बसले. कायद्याच्या भाषेत एवढा फरक टेबलावर बसून पडत नाही. तो बाहेरच्या माणसांनी पाडला.

१९४६ चा द्विभार्याप्रतिबंधक कायदा मात्र मला त्यांचं सगळ्यात धाडसाचं काम वाटतं. हिंदूंचे लग्न-वारशाचे कायदे बदलणाऱ्या हिंदू कोड बिलावरून दिल्लीत रणं माजली, पण त्याच्या आधीच मुंबई प्रांतात हिंदू पुरुषाला दुसरं लग्न करायला बंदी झाली होती. तो कायदा हायकोर्टात आव्हानाला गेला. १९५१ चा नरसू आप्पा माळी हा निकाल आम्ही सगळे कॉलेजात शिकलो. न्या. छागला आणि न्या. गजेंद्रगडकर यांनी कायदा टिकवला. माझ्याकडे आजही टाकलेल्या बायका येतात. समोरची बाई पदराचं टोक बोटाभोवती गुंडाळत विचारते, "त्यानं दुसरी केली, मग मी कोण?" तिला मी "कायद्यानं बायको तूच" असं सांगू शकते. ते शक्य व्हायला ज्या प्रांतांनी पहिल्यांदा सुरुवात केली त्यांत आपला होता.

दारूबंदीच्या बाबतीत मात्र मसुदा पुरला नाही. १ ऑगस्ट १९३९ ला मुंबई शहरात दारूबंदी आली. अबकारीचं उत्पन्न बुडालं म्हणून मालमत्तेवर दहा टक्के कर बसवला, त्यावरून पारशी आणि मुसलमान समाजात मोठा असंतोष झाला. १९४९ चा दारूबंदीचा कायदा तर सुप्रीम कोर्टापर्यंत गेला आणि १९५१ च्या बलसारा खटल्यात त्याची काही कलमं रद्द झाली. औषधात आणि प्रसाधनात मद्यार्क असतो, त्याच्यावरही सरसकट बंदी कशी, हा प्रश्न होता. कागदावर एवढी नजर असलेल्या माणसाच्या सरकारला हे आधी दिसायला हवं होतं. मला वाटतं, जिथे खेरांची श्रद्धा पुढे झाली तिथे त्यांच्यातला सॉलिसिटर मागे राहिला.

५०० रुपये पगाराबद्दलही दुसरी बाजू आहे. मंत्र्यांच्या पगाराच्या विधेयकावर बाबासाहेबांनी विधानसभेत विरोधात भाषण केलं होतं. लायक माणूस यावा आणि कारभार स्वच्छ राहावा, यासाठी पगार पुरेसा हवा, असा त्यांचा मुद्दा होता. फीविना केस घेणारे वकील मी पाहिलेत, आणि घरची शेती नसल्याने वकिली सोडून गेलेली हुशार मुलंही पाहिलीत. मला तो मुद्दा आजही पटतो.

लालबागची_नात

माझ्या आजीची आठवण सांगते. आजोबा गिरणीत साच्यावर होते. १९३९ मध्ये मुंबईत साक्षरतेची मोहीम निघाली. शहरासाठी प्रौढ शिक्षणाची वेगळी समिती झाली आणि चाळीचाळीत वर्ग सुरू झाले. आमच्या चाळीत तिसऱ्या मजल्याच्या व्हरांड्यात संध्याकाळी सातला कंदील लागायचा. आजी तेव्हा तेवीस वर्षांची, पदरात दोन मुलं. एक मूल मांडीवर आणि मांडीच्या दुसऱ्या बाजूला पाटी. तिचं पहिलं अक्षर 'ग' होतं, कारण मास्तरांनी शेजारच्या गणपतीच्या पाटीवरून सुरुवात केली. तीन महिन्यांनी तिने गावी आईला पत्र लिहिलं. आईला वाचता येत नव्हतं, म्हणून ते पत्र गावात कुणाकडून तरी वाचून घेतलं गेलं आणि वाचणाऱ्याचा विश्वास बसेना की हे मुलीने स्वतः लिहिलंय.

शिक्षण खातं खेरांनी स्वतःकडे ठेवलं होतं हे ओव्हलकरांनी एका ओळीत लिहून सोडलं. माझ्या मते त्यांचं मोठं काम तिथेच आहे. गांधीजींच्या वर्धा शिक्षण योजनेवर केंद्राच्या शिक्षण सल्लागार मंडळाने जी समिती नेमली, तिचे अध्यक्ष खेर होते. १९४७ मध्ये प्राथमिक शिक्षणाचा नवा कायदा आला. पुणे विद्यापीठ १९४९ मध्ये सुरू झालं, कायदा त्याच्या आदल्या वर्षीचा. पहिले कुलगुरू बॅरिस्टर जयकर.

पण त्याच चाळीने ७ नोव्हेंबर १९३८ सुद्धा पाहिला. खेरांच्या सरकारने औद्योगिक तंट्यांचा कायदा आणला. संप करायच्या आधी सक्तीची तडजोड, ती न पाळता संप केला तर तुरुंग. कामगारांनी त्याला काळा कायदा म्हटलं. बाबासाहेबांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट एकत्र आले आणि एक दिवसाचा संप झाला. संप करण्याचा हक्क हा स्वातंत्र्याचाच भाग आहे, असं बाबासाहेब सभागृहात म्हणाले होते. आजोबा त्या दिवशी बाहेर होते. पोलिसांनी गोळीबार केला. आजोबा रात्री उशिरा आले, सदरा फाटलेला, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पाळीवर गेले.

आजी दोन्ही गोष्टी एकाच आवाजात सांगायची. ज्या सरकारने पाटी दिली त्याच सरकारचे पोलीस होते, याचं तिला आश्चर्य वाटत नसे. ती म्हणायची, "अक्षर आलं म्हणून तर तो कायदा काय ते हँडबिलावर वाचता येतंय."

दाभोसा

वारली भागातून लिहितोय. बऱ्याच दिवसांनी इथे लॉगिन केलं, फक्त या धाग्यासाठी.

खेर आमच्याकडे 'आदिवासी सेवा मंडळा'मुळे माहीत आहेत. १९४० मध्ये सत्ता नसताना त्यांनी ते काढलं. आश्रमशाळा, वसतिगृहं, दवाखाने. माझे मामा अशाच एका वसतिगृहात राहून सातवी झाले आणि आमच्या पाड्यातले पहिले मास्तर झाले. त्याच्याही आधी, १९३७ मध्ये सरकारात येताच त्यांनी सायमिंग्टन नावाच्या आय.सी.एस. अधिकाऱ्याला आदिवासींच्या स्थितीचा अहवाल करायला लावला. त्या अहवालात वेठीचं खरं चित्र आलं. लग्नासाठी सावकाराकडून थोडे रुपये घ्यायचे आणि नवरा-बायको दोघांनी आयुष्यभर त्याच्याकडे राबायचं. लग्नगडी म्हणत त्याला. म्हणजे खेरांना ठाऊक नव्हतं असं कुणीच म्हणू शकत नाही. सरकारी कागदावर सगळं होतं.

१९४५ मध्ये कम्युनिस्टांच्या लाल बावट्याखाली वारल्यांनी वेठ नाकारली. गोदावरी परुळेकर आणि शामराव परुळेकर. गोदावरीबाई स्वतः कायद्याच्या पदवीधर, महाराष्ट्रातल्या अगदी पहिल्या स्त्रियांपैकी. शामराव तर १९३७ च्या विधानसभेत स्वतंत्र मजूर पक्षाचे आमदार, खेरांच्या समोरच्या बाकावर बसलेले. ऑक्टोबर १९४५ मध्ये तलवाड्याला गोळीबार झाला, तेव्हा गव्हर्नरचं राज्य होतं. ते खेरांच्या माथी मारणार नाही. पण १९४६ मध्ये गवतकापणीच्या मजुरीसाठी संप झाला, तेव्हा सरकार खेरांचं होतं. त्या सरकारने परुळेकरांना आणि कार्यकर्त्यांना जिल्ह्यातून हद्दपार केलं. पोलीस पाड्यांवर आले. माझी आजी तेव्हा दहा-अकराची. जंगलात तीन रात्री काढल्या, खायला कडूकंद, तोही धड उकडलेला नव्हता, सगळ्यांचे घसे खाजत होते. मुलं रडली की आवाज होईल म्हणून आया तोंडावर हात ठेवत.

वसतिगृह देणारा माणूस आणि हद्दपारीची नोटीस काढणारं सरकार. मामा पहिल्याचे, आजी दुसऱ्याची. आमच्या घरात दोघंही खोटं बोलत नव्हते.

मला वाटतं खेरांना आदिवासी अशील म्हणून चालत होता. अशिलाने सॉलिसिटरवर विश्वास ठेवून शांत बसायचं असतं. तो स्वतःच उठून बोलायला लागला, दुसरा वकील घेऊन आला, तेव्हा त्यांना सहन झालं नाही.

ओव्हलकर

दाभोसा, मी सकाळपासून यावर काय लिहावं याचा विचार करतोय. तुमचं शेवटचं वाक्य मला माझ्या धंद्याबद्दलही लागलं. अशील आमच्याशी भांडायला लागला की आम्ही फाईल परत देतो, पण सरकारला तशी मुभा नसते.

धाग्याच्या सुरुवातीला मी धीराचं कौतुक केलं ते परत घेत नाही, कारण मंदिरांचा, कुळांचा आणि खोतीचा, हे १९४७, ४८, ४९ चे कायदे त्या धीरातूनच आले. पण वेठ हा मसुद्याचा प्रश्न नव्हता. वेठ आधीच बेकायदा होती. तिथे फक्त कुणाच्या बाजूने उभं राहायचं एवढंच ठरवायचं होतं, आणि तिथे ते चुकले. हद्दपारीचं खातं मोरारजींकडे होतं म्हणून मुख्य प्रधान सुटत नाहीत.

पानगळ

हे सगळं वाचून सुन्न झाले. शाळेत यातलं काहीच शिकवलं नाही.

जुनापूल

अजून एक गोष्ट इथे यायला हवी. २० जानेवारी १९४८ ला दिल्लीत गांधीजींच्या प्रार्थनासभेत स्फोट झाला. दुसऱ्याच दिवशी रुईया कॉलेजचे प्राध्यापक जगदीशचंद्र जैन मुंबईत खेरांना आणि मोरारजींना भेटले. मदनलाल पाहवाने आपल्याला कटाबद्दल आधी काय सांगितलं होतं ते त्यांनी सांगितलं. गृहमंत्री या नात्याने मोरारजींनी ते पोलिसांकडे दिलं. नऊ दिवसांनी गांधीजी गेले. पुढे गांधीहत्येच्या कटाची चौकशी करणाऱ्या कपूर आयोगाने ही सगळी साखळी तपासली. ज्या माणसाने गांधीजींसाठी चालती फर्म सोडून तुरुंग पत्करला, त्याच्या खोलीत ती बातमी वेळेवर येऊन पोचली होती. मला याच्यापुढे लिहिवत नाही.

थेम्सकाठ

लंडनहून. १९५२ ची निवडणूक खेरांनी लढवली नाही. मोरारजी बलसाडहून अवघ्या १९ मतांनी पडले आणि तरी मुख्यमंत्री झाले, हे बहुतेकांना ठाऊक असतं. खेर मात्र इकडे आले. कृष्ण मेनन यांच्यानंतर ते भारताचे उच्चायुक्त होते, १९५४ पर्यंत. इंडिया हाऊसमध्ये कामानिमित्त गेलं की मी हे आठवतो. ज्या सरकारने दोनदा सक्तमजुरी दिली त्याच्याच राजधानीत स्वतंत्र देशाचा वकील म्हणून बसायचं. त्यांना पद्मविभूषणही १९५४ चंच.

परत गेल्यावर राजभाषा आयोगाचं अध्यक्षपद. इंग्रजीच्या जागी हिंदी कशी आणि कधी, हा प्रश्न. १९५६ ला अहवाल दिला, त्याला सुनीतिकुमार चटर्जी आणि पी. सुब्बरायन यांनी भिन्नमतपत्रिका जोडल्या. आयुष्यभर दोन्ही बाजूंना मान्य होणारा मसुदा करणाऱ्या माणसाच्या शेवटच्या मोठ्या मसुद्यावर सगळ्यांची सही झाली नाही. ८ मार्च १९५७ ला ते पुण्यात वारले.

तिसरी_तारीख

थेम्सकाठ, छान जोड दिलीत. भाषेचा प्रश्न आजही तसाच आहे. आमच्या तालुका कोर्टात साक्ष मराठीत होते आणि वरच्या कोर्टात तिचं इंग्रजी भाषांतर वाचलं जातं. साक्षीदार "हटकलं" म्हणाला होता, भाषांतरात "थांबवलं" आलं. त्या एका शब्दावर आम्ही दोन तारखा घालवल्या.

रत्नदुर्ग

ओव्हलकर, तुमच्या उत्तराने बरं वाटलं. काल गावी फोन केला होता. चुलत्यांनी पत्र्याची पेटी काढली. त्यात खोताच्या हातच्या पावत्या आहेत, मोडीत. 'अर्धेल भात' एवढं चुलत्यांना वाचता आलं, बाकी लागत नाही. आणि त्याच दोऱ्यात बांधलेला १९५० नंतरचा पहिला सरकारी वसुलीचा कागद आहे. त्यावर माझ्या आजोबांचं नाव आहे, पहिल्यांदाच, बापाच्या नावासकट. म्हणजे पणजोबा मेल्यावर चार वर्षांनी त्यांचं नाव त्या जमिनीच्या कागदावर आलं.

गणपतीला गावी जातोय, तेव्हा फोटो काढून इथे टाकतो. मोडी वाचणारं कुणी असेल तर सांगा.

लालबागची_नात

माझ्या मावशीला मोडी येते. फोटो टाका, मी तिच्याकडून वाचून घेते.